बोलणारे प्राणी, मुका पडदा: मूकपटांच्या काळातली इसापनीती

फिरतीचौकट

आमच्या घरी इसापनीतीचं एक जुनं पुस्तक होतं. आजोबा रात्री त्यातली एक गोष्ट वाचायचे आणि 'तात्पर्य' हा शब्द आला की पुस्तक मिटायचे. पुढचं आम्ही भावंडांनी सांगायचं. कोल्हा-कावळ्याच्या गोष्टीला माझा धाकटा भाऊ म्हणाला होता, "तात्पर्य, आधी खाऊन घ्यावं, मग गावं." आजोबांना हे छापील तात्पर्याहून जास्त आवडलं आणि पुढे कितीतरी दिवस ते येईल त्याला सांगत होते.

गेले चार-पाच महिने मी मूकपटांच्या काळातली, प्राणिकथांवरची कार्टून एकामागून एक बघतेय. ही बघताना एक प्रश्न डोक्यात बसलाय, त्यासाठी हा धागा.

इसापाच्या जगात जे घडतं ते बोलण्यातून घडतं. कोल्हा स्तुती करतो म्हणून कावळा चोच उघडतो. लांडगा कोकराला खाण्याआधी त्याच्याशी रीतसर वाद घालतो, तू पाणी गढूळ केलंस, तू नाही तर तुझ्या बापाने केलं असेल. उंदरांची तर सभाच भरते. आता हे सगळं आवाज नसलेल्या पडद्यावर कसं दाखवायचं? पात्रांच्या तोंडची वाक्यं पाटीवर लिहून दाखवायची सोय होती, पण दर दोन मिनिटांनी पाटी आली तर चित्र मरतं. आणि शेवटी तात्पर्य कुठे ठेवायचं?

दोन माणसांनी याची दोन अगदी वेगळी उत्तरं दिली.

पहिला न्यू यॉर्कचा पॉल टेरी. जन्म १८८७, मूळचा वृत्तपत्रांतला चित्रकार. हॉवर्ड एस्टाब्रुक नावाच्या नटाने त्याला सुचवलं की इसापाच्या गोष्टींवर कार्टूनमाला कर. १९२१ मध्ये ती सुरू झाली, 'ईसॉप्स फिल्म फेबल्स' या नावाने. पहिली गोष्ट सोन्याची अंडी देणाऱ्या हंसिणीची (आपण मराठीत तिची कोंबडी केली), मग 'माइस इन काउन्सिल', म्हणजे मांजराच्या गळ्यात घंटा कोण बांधणार तीच. पैसा होता कीथ-ऑल्बी या नाट्यगृहांच्या साखळीचा आणि वितरण पाथे कंपनीकडे. दर आठवड्याला एक नवं कार्टून, आणि हा क्रम वर्षानुवर्षं चालला.

दर आठवड्याला एक, याचा हिशेब मी कागदावर करून बघितला. सहा मिनिटांची फिल्म, सेकंदाला १६ फ्रेम धरल्या तर ५,७६० फ्रेम होतात. एक चित्र दोन फ्रेम टिकवलं तरी २,८८० चित्रं. सगळी हाताने. सेल नावाचे पारदर्शक पत्रे तोवर आले होते, त्यामुळे मागचं दृश्य एकदाच काढून हलणारी पात्रं वरच्या पत्र्यावर काढता यायची. तरीही हा वेग छातीत धडकी भरवणारा आहे.

या वेगात इसाप फार टिकला नाही. पहिल्या काही कार्टूनांत मूळ गोष्ट ओळखू येते. पुढे पुढे पडद्यावर पांढऱ्या दाढीचा शेतकरी अल फाल्फा, एक मांजर आणि उंदरांचा थवा यांची पळापळ चालते आणि अगदी शेवटी पाटी येते, अमुक हजार वर्षांपूर्वीच्या इसापाचं वचन म्हणून. त्या वचनाचा आधीच्या पळापळीशी काहीही संबंध नसतो. हे टेरीने मुद्दाम केलेलं आहे. प्रेक्षक त्या पाटीची वाट बघायचे, कारण ती कुठून कुठे उडी मारेल याचा नेम नसायचा. जाहिरातीत मात्र मालिकेला 'साखरेत घोळलेल्या शहाणपणाच्या गोळ्या' असं म्हटलेलं असायचं.

दुसरा माणूस व्लादिस्लाव स्टारेविच. जन्म १८८२, मॉस्कोत, पोलिश आईबापांचा, वाढला कोवनोत (आताचं लिथुआनियातलं काउनास). याला किड्यांचं वेड. १९१० मध्ये त्याला शिंगांसारखे जबडे असलेल्या भुंगेऱ्यांची झुंज चित्रित करायची होती, पण हे किडे रात्री हिंडणारे, दिवे लावले की निपचित पडायचे. शेवटी त्याने मेलेले भुंगेरे घेतले, पायांच्या जागी मेण लावून तारा बसवल्या आणि एकेक फ्रेम घेत त्यांना हलवलं. त्यातूनच पुढे मुंगी आणि नाकतोड्याची गोष्ट आली, क्रिलोव्हच्या रशियन कवितेवरून. खानझोन्कोव्ह यांच्या मॉस्कोतल्या कंपनीसाठी, १९११ ते १९१३ च्या दरम्यानची. मुंगी झाडं तोडते, लाकडं वाहते, घर बांधते. नाकतोडा वाद्य वाजवतो. थंडी येते, तो तिच्या दारी जातो. पाच मिनिटांचं काम.

ते बघताना मला पाटीची आठवणसुद्धा झाली नाही. नाकतोड्याचे तारेचे पाय थंडीत जसे मुडपतात, तिथेच गोष्ट पूर्ण होते. टेरीने तात्पर्य गोष्टीपासून सोडवून वेगळं टांगलं, स्टारेविचने ते प्राण्याच्या अंगात घातलं. मला दुसरा जवळचा वाटतो. तुम्हाला?

गावठाण

सुरेख लेख. वाचनखूण साठवली. मुंगीची फिल्म आत्ताच जेवता जेवता बघितली आणि मुलीने शेवटी ताट सरकवून विचारलं, "तिने दार का नाही उघडलं?" याला काय उत्तर द्यायचं?

हडसनकाठ

ताई, लेख आवडला, पण टेरीवर थोडा अन्याय झालाय असं मला वाटतं. मी न्यू जर्सीत राहतो. इथल्या एका छोट्या सभागृहात १६ मिमीच्या प्रिंटवर, पियानोच्या साथीने, टेरीची चार-पाच फेबल्स बघायला मिळाली. घरी लॅपटॉपवर बघितली होती तेव्हा मीही कंटाळलो होतो. तिथे शंभरेक लोकांत बसून बघितल्यावर कळलं की हे एकट्याने बघायचं कामच नाही.

ती नाट्यगृहं व्हॉडविलची होती, हे लक्षात घ्यायला हवं. एक कसरतवाला, एक गाणारी, मग कार्टून, मग कुत्र्यांचा खेळ, असा कार्यक्रम. पुढचा कलाकार तयार होईपर्यंत लोकांना खुर्चीत धरून ठेवणं हे टेरीचं काम. तिथे लांडगा-कोकराचा युक्तिवाद पाटीवर वाचत कोण बसणार? म्हणून त्याने बोलणं काढून टाकलं आणि धावणं ठेवलं. उंदीर शेपटीचा जिना करतात, शेपटी काढून तिची काठी करतात, पन्नास उंदीर एका ओळीत एकाच लयीत पळतात. ती ओळ म्हणजे एकदा काढलेली आठ-दहा चित्रं पुन्हापुन्हा वापरलेली आहेत, पण मोठ्या पडद्यावर पियानोच्या ठेक्यात ती लावणीच्या ढोलकीसारखी अंगात शिरते.

आणि प्रभाव बघा. वॉल्ट डिस्नेने स्वतः सांगून ठेवलंय की अगदी १९३० पर्यंत इसॉप फेबल्सच्या तोडीची कार्टून काढता यावीत एवढीच त्याची महत्त्वाकांक्षा होती. कॅन्सस सिटीत त्याने १९२२ मध्ये लाल टोपीवाली मुलगी, बूट घातलेलं मांजर अशा परीकथा करायला घेतल्या तेव्हा समोर यशस्वी नमुना टेरीचाच होता.

एक मात्र खरं, मुलांना सरसकट दाखवण्याआधी स्वतः बघा. त्या काळच्या अमेरिकी कार्टूनांत कृष्णवर्णीयांची जी विटंबना असते ती यातही काही ठिकाणी आहे, आणि ती लहान मुलांसमोर न बोलता सोडून देण्यासारखी नाही.

जुनीपेटी

चौकटताई, आजोबांची आठवण वाचून फार बरं वाटलं. आमच्याकडे तात्पर्य पाठ म्हणावं लागे.

मराठीत इसाप किती जुना आहे हे इथल्या तरुण मंडळींना कदाचित ठाऊक नसेल. बापू छत्र्यांची 'इसापनीतिकथा' १८२८ ची. त्याच्याही आधी तंजावरला सरफोजीराजांनी 'बालबोध मुक्तावली' या नावाने इसाप मराठीत करवून घेऊन आपल्या छापखान्यात छापवला होता. म्हणजे सिनेमा जन्माला यायच्या कितीतरी आधीपासून इसापाचे प्राणी मराठीत बोलत होते.

दुसरं, एकेक फ्रेम घेण्याबद्दल. स्टारेविच भुंगेऱ्यांना तारा बसवत होता त्याच सुमारास दादासाहेब फाळके मुंबईत वाटाण्याच्या रोपासमोर कॅमेरा लावून बसले होते. रोज थोडं थोडं चित्रण करून रोप डोळ्यांदेखत वाढताना त्यांनी दाखवलं. ती छोटी फिल्म बघूनच त्यांना 'राजा हरिश्चंद्र'साठी कर्ज मिळालं. पुढे त्यांनी 'आगकाड्यांची मौज' केली, आगकाड्या एकेक फ्रेम सरकवून. प्राणिकथा नव्हे, पण निर्जीव वस्तूत जीव आहे असं वाटायला लावण्याची ओढ तीच. आपल्याकडे पौराणिक चित्रपटांनी इतकी मागणी खेचून घेतली की हा धागा तिथेच राहिला, याची मला नेहमी हळहळ वाटते. पंचतंत्र आणि हितोपदेश ज्या देशात झाले तिथे मूकपटांच्या काळात एक ससा किंवा एक सिंहसुद्धा कार्टूनमध्ये उतरू नये!

ओरिगामी

फिरतीचौकट ताई, "हे प्राणी मूकपटात बोलणार कसे" याचं तिसरं उत्तर जपानचं आहे. मी पुण्यात जपानी शिकवते, म्हणून हा विषय माझ्या फार जवळचा.

जपानमध्ये मूकपट कधी मुका नव्हताच. पडद्याशेजारी 'बेन्शी' उभा राहायचा. तो सगळ्या पात्रांचे आवाज काढायचा, मधली गोष्ट सांगायचा, हवं तिथे गप्प राहायचा. लोक नटांइतकेच बेन्शीच्या नावावर तिकिटं काढायचे. त्यामुळे तिथल्या कार्टूनवाल्यांना प्राण्यांच्या बोलण्याची चिंता नव्हती.

१९१७ मध्ये किताyामा सेइतारो यांनी माकड आणि खेकड्याची जपानी लोककथा केली. १९२३ च्या भूकंपात तोक्योतला त्यांचा स्टुडिओ गेला. त्यांच्या हाताखाली शिकलेल्या यामामोतो सानाए यांनी १९२४ मध्ये 'उसागी तो कामे' केली, म्हणजे आपलं ससा आणि कासव. ती आज बघायला मिळते. जपानच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहाने जुन्या अ‍ॅनिमेशनपटांचं एक संकेतस्थळ केलंय, तिथे जरूर जा.

ससा-कासव ही गोष्ट इसापाची असूनही जपानी मुलांना ती परकी वाटत नाही. इसाप तिकडे १५९३ मध्येच पोहोचला होता, आमाकुसा बेटावरच्या जेझुइटांच्या (ख्रिस्ती धर्मप्रसारकांच्या) छापखान्यातून, रोमन लिपीत छापलेल्या जपानीत! पुढे शाळेच्या पुस्तकांतून तो घराघरात गेला. यामामोतोंची फिल्म शैक्षणिक म्हणूनच काढलेली होती. म्हणजे टेरी ज्या वर्षी तात्पर्याची मोडतोड करून लोकांना हसवत होता, त्याच वर्षी तोक्योत तात्पर्य शिकवण्यासाठी कार्टून वापरलं जात होतं.

ओरिगामी

वरच्या प्रतिसादात नाव चुकीचं उमटलंय, 'कितायामा' असं वाचावं. संपादनाची सोय दिसत नाहीये.

मनमोर

मला स्टारेविचबद्दल विचारायचंय. 'क्रिलोव्हची मुंगी आणि नाकतोडा' असं लिहिलंय, पण माझ्या नवऱ्याला रशियन येतं. तो म्हणतो मूळ कवितेच्या नावात 'स्त्रेकोझा' आहे आणि स्त्रेकोझा म्हणजे चतुर, आपला चार पंखांचा. मग नाकतोडा कुठून आला?

फिरतीचौकट

मनमोर, छान प्रश्न. आजच्या रशियनमध्ये स्त्रेकोझा म्हणजे चतुरच. पण क्रिलोव्हच्या काळी, एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला, उड्या मारणाऱ्या, किरकिरणाऱ्या किड्यांनाही तोच शब्द चालायचा. कवितेतली स्त्रेकोझा उड्या मारते आणि उन्हाळाभर गाते. चतुर गात नाही. म्हणून नाकतोडा. स्टारेविच किड्यांचा जाणकार, त्याने फिल्ममध्ये नाकतोडाच घेतला.

हडसनकाठ, तुमचा प्रतिसाद तीनदा वाचला. मी ही कार्टून रात्री एकटीने, हेडफोन लावून बघितली, आणि व्हॉडविलचा तो सगळा संदर्भ माझ्याकडून निसटला. उंदरांच्या ओळीबद्दल तुमचं म्हणणं मान्य. पण टेरीशी माझं भांडण वेगळं आहे. त्याचे प्राणी कशालाच भीत नाहीत. कितीही आपटले तरी पुढच्या क्षणी उभे. आणि भीती नसेल तर इसापाची गोष्ट उरतच नाही. त्याचे सगळे प्राणी कुणाच्या तरी तोंडचा घास होण्याच्या बेतात असतात.

हे सगळ्यात जास्त जाणवतं ते स्टारेविचच्या बेडकांत. क्रांतीनंतर तो रशिया सोडून फ्रान्सला गेला, पॅरिसजवळ राहू लागला (१९२४ पासून फाँतने-सू-ब्वा इथे, घरातच स्टुडिओ करून). १९२२ मध्ये त्याने 'राजा मागणारे बेडूक' केली. ती ज्या कवितेवर आहे त्या फ्रेंच कवी ला फोंतेनच्या कवितेची सुरुवातच अशी की बेडकांना लोकशाहीचा कंटाळा आला. ते ज्युपिटर देवाकडे राजा मागतात. तो ओंडका पाठवतो. ओंडका काहीच करत नाही म्हणून पुन्हा तक्रार, मग तो करकोचा पाठवतो. करकोचा राजा एकेक बेडूक गिळतो. आपलं घरदार मागे टाकून आलेल्या माणसाने देश सोडल्यावर एवढ्या लवकर ही गोष्ट निवडावी, यात सगळं आलं. बाहुल्या आहेत, कातडं ताणून शिवलेल्या, पण करकोच्याच्या चोचीत लटकणारे ते पाय बघवत नाहीत. १९२६ ची शहरी उंदीर आणि गावचा उंदीर मात्र मजेची आहे. शहरी उंदीर मोटार घेऊन गावी येतो, गावच्याला पॅरिसच्या मेजवानीला नेतो, नाचगाणं रंगात येतं आणि मांजर शिरतं.

हडसनकाठ

ताई, भीतीचा मुद्दा पटला. यावर मी विचारच केला नव्हता.

धाग्याच्या प्रश्नाला धरून एक भर घालतो, आवाज आल्यावर काय झालं त्याची. १९२८ मध्ये टेरीच्या मालिकेतलं 'डिनर टाइम' आवाजासकट आलं, डिस्नेच्या 'स्टीमबोट विली'च्या काही आठवडे आधी. आवाजाचा आग्रह निर्माता व्हॅन ब्युरेनचा होता, टेरी राजी नव्हता. डिस्नेने ते न्यू यॉर्कमध्ये बघितलं आणि नुसता गोंगाट आहे अशा अर्थाचं घरी कळवलं. सात वर्षं मुके असलेले इसापाचे प्राणी अखेर बोलू शकत होते, आणि तोंड उघडल्यावर त्यांच्याकडे बोलायला काही नव्हतं. फक्त भुंकणं. १९२९ मध्ये टेरी बाहेर पडला, स्वतःचं टेरीटून्स काढलं, पुढे मायटी माऊस तिथलाच. इसॉपचं नाव व्हॅन ब्युरेनने १९३३ पर्यंत चालवलं. मधल्या काळात त्यांचे उंदीर मिकीसारखे इतके दिसायला लागले की १९३१ मध्ये डिस्नेने कोर्टात खेचलं. ज्याच्यासारखं व्हायची त्याला इच्छा होती त्याच मालिकेवर!

गावठाण

हे शेवटचं माहीतच नव्हतं. धन्यवाद दादा.

बोटांचीबोली

इथे बऱ्याच दिवसांनी लिहितेय. मी कर्णबधिर मुलांच्या शाळेत शिकवते, विदर्भातल्या एका तालुक्याच्या गावी. धाग्याचं शीर्षक वाचून थांबले, कारण 'बोलणारे प्राणी, मुका पडदा' हा आमच्या वर्गाचा रोजचा विषय आहे.

इसापनीती शिकवताना आमची सगळ्यात मोठी अडचण हीच असते. गोष्ट संवादावर उभी, आणि संवाद खुणांनी सांगताना मी एकटीच कोल्हा, कावळा आणि लेखक होते. मुलं माझ्याकडे बघतात, कोल्ह्याकडे कुणी बघत नाही. आताची कार्टून लावावीत तर त्यात पात्रं सतत बोलतात, तोंडं हलत राहतात आणि मुलं पाच मिनिटांत खिडकीबाहेर बघायला लागतात.

बुधवारी हा धागा वाचला आणि गुरुवारी सहावीच्या अकरा मुलांना मुंगीची फिल्म दाखवली. काही सांगितलं नाही आधी. अकराही मुलं शेवटपर्यंत जागची हलली नाहीत. दुसऱ्यांदा लावा म्हणाली. मग मी फळ्यावर 'तात्पर्य' लिहून खडू पुढे केला, अगदी चौकटताईंच्या आजोबांसारखा. एकीने लिहिलं, 'काम करा'. तेवढ्यात मागच्या बाकावरचा एक जण उठला. लिहिलं काहीच नाही. तो मुंगी झाला, लाकूड फोडलं, घाम पुसला, दारावरची टकटक त्याला ऐकू आली नाही, असं करून तो पुढचं लाकूड फोडत राहिला. सगळा वर्ग त्याच्याकडे बघत होता. मग नाकतोडा झालेल्या मुलीने पुढे जाऊन त्याच्या खांद्याला हात लावला. आमच्याकडे हाक अशीच मारतात. त्याने वळून बघितलं आणि दार उघडलं.

गावठाण, तुमच्या मुलीला हे सांगा. आमच्या वर्गाच्या मते मुंगीने दार उघडलं नाही कारण तिला कुणी हात लावला नाही.

पुढच्या आठवड्यात बेडूक दाखवायचा विचार आहे. त्यात मधल्या पाट्या परकीय भाषेत आहेत आणि मुलांना त्या वाचता येणार नाहीत. कुणी मराठी पाट्या करून देईल का? वाक्यं लहान हवीत, सहा-सात शब्दांची, जोडाक्षरं कमीत कमी.

फिरतीचौकट

मी करते. रविवारपर्यंत देते. पहिली पाटी आत्ताच सुचली आहे, चालते का बघा: 'बेडूक म्हणाले, आम्हाला राजा हवा.'

बोटांचीबोली

चालेल. फक्त 'म्हणाले' काढा.